कोऱ्या कागदावरची सही

मी सर्वांत जास्त ऋणी आहे तो आमच्या शाळेचे शिपाई ज्ञानूमामा यांचा. आईवडिलांनी मला शिकवलं, पण शिकलेला माणूस म्हणून ताठ उभं ठेवलं ते चौथी पास झालेल्या या माणसाने. माझ्यासारखे गाव सोडून गेलेले आणि मागे राहिलेले, दोघांनाही हे नाव माहीत असावं म्हणून लिहितो.

म्हसवडच्या स्टँडवर वडिलांनी त्यांची लष्करातली काळी ट्रंक एसटीच्या टपावर चढवली. तिच्यावर त्यांचा पलटणीतला नंबर पांढऱ्या रंगात तसाच होता. आमच्या वस्तीतला मी पहिला बी.एड. आई पदराने तोंड झाकून उभी होती. वडील खिडकीशी येऊन एवढंच म्हणाले, "कुनाच्या पाया पडू नको. आन हजेरी चुकवू नको."

सांगली जिल्ह्यातल्या एका मोठ्या गावच्या खासगी शाळेत माझी नेमणूक झाली. माणदेशातून गेलेल्या मला तिथला हिरवागार ऊस बघून आपण परमुलखात आलो असं वाटायचं. रुजू व्हायच्या दिवशी संस्थेच्या अध्यक्षांनी, त्यांना सगळे आबा म्हणत, एक कोरा कागद पुढे सरकवला. "खाली सही कर गड्या. आमची पद्धत हाय. समद्यांनीच केलीया." मी सही केली. नोकरी देणाऱ्यावर अविश्वास दाखवणं मला कृतघ्नपणाचं वाटलं.

दोन वर्षांची परिविक्षा पुरी होऊन मी कायम होणार, त्याच जूनमध्ये शाळा उघडली आणि हजेरीपटावर माझं नाव नव्हतं. मुख्याध्यापकांनी मला माझाच राजीनामा दाखवला. टाइप केलेला, एप्रिलची तारीख, शाळेचा आवक शिक्का, खाली माझी सही. आबांचा भाचा नुकताच बी.एड. झाला होता. तो माझ्या वर्गावर गेला.

गावी परत जायला तोंड नव्हतं. मी शाळा न्यायाधिकरणात अपील केलं, सांगलीत खोली घेतली आणि शिकवण्यांवर राहिलो. पण रोज सकाळी पहिल्या एसटीने शाळेच्या फाटकापर्यंत जायचो, प्रार्थना संपेपर्यंत चिंचेखाली उभा राहायचो आणि परत यायचो. वडिलांचा शब्द मी असा पाळला. एकदा आबा जीपमधून उतरून म्हणाले, "मास्तर, राखणदाराची जागा भरायची न्हाई आमाला." सोबतचे लोक हसले. त्यांतला प्रत्येक चेहरा मी लक्षात ठेवला.

एका रविवारी ज्ञानूमामा खोलीवर आले. पाणी प्यायले आणि म्हणाले, "गुरुजी, तुमचा राजीनामा ज्या दिशी आला म्हंत्यात, त्या दिशी शाळा बंदच हुती की. यात्रा हुती."

गावची यात्रा तिथीने येते, दरवर्षी तारीख बदलते. राजीनामा तयार करणाऱ्यांनी इंग्रजी तारीख धरली आणि पंचांग बघायचं विसरले.

न्यायाधिकरणात संस्थेच्या वकिलांनी मामांना विचारलं, "इतक्या दिवसांनी तारीख कशी आठवते?"

"तारीख न्हाई सायेब, तिथी ध्यानात हाय. आबांच्या मानाच्या काठीम्होरं म्या हलगी वाजवत हुतो. शाळंची किल्ली माज्या कमरंला. मग शिक्का मारायला हापीस कुनी उघडलं?"

अडीच वर्षांनी निकाल लागला: मूळ जागी पूर्ववत नेमणूक. मी रुजू झालो त्या दिवशी आबा मुख्याध्यापकांच्या खोलीतच बसले होते. हजेरीपटावर माझं नाव सर्वांत खाली पेन्सिलीने लिहिलं होतं. मी म्हणालो, "सेवाज्येष्ठतेप्रमाणे लिहा, शाईने. मी थांबतो." पाऊण तास थांबलो. नवं पान आखलं गेलं. मग मी सावकाश, एकेक अक्षर सुटं काढत सही केली आणि आबांकडे बघत पेनाला टोपण लावलं. भाच्याची नोकरी गेली. मला वाईट वाटलं नाही. वाटायला हवं होतं असं आई म्हणते.

महिन्याभरात मामांची बदली संस्थेच्या लांब जतकडच्या शाखेत झाली. निवृत्तीला त्यांची तीन वर्षं उरली होती.

आई अजून विचारते, घरी कवा येणार. सुट्टीत जातो, आता तिथेच नेऊन ठेवलेल्या ट्रंकेवरची धूळ पुसतो आणि परततो. ज्या फाटकाबाहेर मला उभं केलं त्याच्या आत रोज जाणं, हेच आता माझं घर. आबा जीपमधून उतरताना मी व्हरांड्यात असतो. पण मामांची घंटा तिथे वाजत नाही, तोवर माझा हिशेब मिटलेला नाही. म्हणून त्यांना हे पत्र पाठवलं:

ती. ज्ञानूमामांस, सा. न. वि. वि.

तुमच्या बदलीविरुद्ध शिक्षणाधिकाऱ्यांना द्यायचा अर्ज सोबत आहे. यात्रेची साक्ष आणि बदलीचा हुकूम, दोन्ही तारखा शेजारी शेजारी लिहिल्या आहेत. तिथीसुद्धा घातली आहे. आबांना प्रत मी स्वतः हातात नेऊन देणार आहे, पोस्टाने नाही. त्यांचं तोंड मला बघायचं आहे.

शेवटी तुमची सही हवी. पण आधी सूनबाईंकडून अर्ज दोनदा वाचून घ्या. माझ्या हातचा आहे म्हणून सोडू नका. मजकूर आणि सही यांच्यामध्ये जी जागा उरली, तिच्यावर मी तिरकी रेघ ओढून ठेवली आहे.