हंपीहून आणलेल्या बांगड्या

सुनीलचा फोन आला तेव्हा मी आटगावला माझ्या शिवणक्लासात ब्लाउजची बाही कातरत होते. "आत्या, आई गेली," एवढंच बोलून त्यानं फोन ठेवला. सकाळी उठून तिनं चहाचं आधण ठेवलं, चुलीपुढे पाटावर बसली आणि बसल्या जागीच कलंडली, हे मला नंतर कळलं. आटगावहून गावाला पोचेपर्यंत दुपार झाली. मुरबाड तालुक्यात, सिद्धगडाच्या अंगाला असलेलं ते गाव माझं माहेर, आणि गेली ती पारूवहिनी, माझ्या थोरल्या भावाची बायको. मी ओटीवर पाय ठेवला तेव्हा बायकांनी तिला आंघोळ घालून लुगडं नेसवलं होतं आणि आमची आवडीकाकू तिच्या उजव्या हाताशी बसून हातातल्या हिरव्या बांगड्या काढत होती. बांगड्या घट्ट बसलेल्या, निघेनात. काकू मागे वळून म्हणाली, "वरवंटा आन गो." मी रडायला गेले होते, ते रडणं तिथंच राहिलं. मी काकूचं मनगट धरलं आणि म्हणाले, "हात लावायचा नाय."

पुढे काय झालं ते सांगतेच, पण आधी त्या बांगड्या त्या हातात आल्या कशा ते सांगायला हवं. दीड महिना झाला तिला जाऊन, आणि या दीड महिन्यात मी फार ऐकून घेतलं आहे. नणंदेनं हिंडवलं, नणंदेनं बिघडवलं, भावाचं वर्षश्राद्धसुद्धा होऊ दिलं नाही... बिघडवलं म्हणे! पारूवहिनी बिघडायला कुणाची वाट बघत बसणारी बाई नव्हती. ती कसाऱ्याकडून लग्न होऊन आमच्याकडे आली तेव्हा मी परकर-पोलक्यात होते. पुरुषांची पंगत उठेपर्यंत नव्या सुनेनं तोंडात घास घालायचा नाही ही आमच्या घरची रीत. लावणीच्या दिवसांत ती पहिल्यांदा शेतावर आली, बांधावर बसली आणि सगळ्यांच्या देखत भाकरीचं फडकं सोडून खायला लागली. आई डोळे वटारून बघते आहे म्हटल्यावर म्हणाली, "आत्याबाय, चिखलात उभी मी ऱ्हानार, मंग आधी जेवनार पन मीच." आई महिनाभर तिच्याशी बोलली नाही. पुढच्या वर्षीपासून मात्र आईसुद्धा बांधावर तिच्या शेजारी बसून जेवायला लागली.

गोड स्वभावाची होती असं मी म्हणणार नाही. मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात, पण खोटंही बोलू नये. आपला विळा ती कुणाला द्यायची नाही, सख्ख्या बहिणीलाही नाही. एका कोंबडीवरून शेजारच्या घराशी तिनं दोन पावसाळे अबोला धरला होता. तीन शेतं पलीकडे ऐकू जाईल असा आवाज. माझा दादा तितकाच मुखदुर्बळ, पण पौषात म्हसा गावात म्हशाची जत्रा भरली की तो न चुकता जायचा आणि हिच्यासाठी हिरव्या काचेच्या बांगड्या घेऊन यायचा. सगळ्यांसमोर द्यायला लाजायचा, म्हणून तांदळाच्या डब्यात ठेवून द्यायचा. सकाळी डब्यात हात घातला की तिला सापडायच्या, आणि ती मुद्दाम सगळ्या घराला ऐकू जाईल असं ओरडायची, "ह्या वक्ताला लय मोठ्या आनल्या, माजा हात काय मुसळ हाये?" दादा गोठ्यात हसत बसायचा.

तो दादा शिमग्याच्या सुमाराला गेला. ओढ्यावर नेऊन वहिनीच्या बांगड्या फोडल्या, कुंकू पुसलं. तेही आवडीकाकूनंच केलं. काकू आमच्या भावकीतली सगळ्यात जुनी विधवा, हे काम गावात तिच्याकडेच असायचं. शिवेवर उंबराखाली आमची हातवाली आहे. उभा दगड, त्यातून बाहेर आलेला कोपरात वाकलेला हात, पंजा वर केलेला, हातात बांगड्या, आणि या सगळ्यावर शेंदराचे थर. गावात लग्न झालं की नव्या नवरीला आधी तिच्या पायाशी नेतात, हिरवा चुडा वाहतात. सौभाग्य राखणारी म्हणून तिचा मान मोठा. विधवांनी तिला शिवायचं नाही, बांधावरूनच हात जोडायचे. चाळीस वर्षं लावणीच्या आधी तिला हळदकुंकू वाहणारी पारूवहिनी त्या वर्षी बांधावर उभी राहिली. मी तिच्या बाजूला होते. काही बोलली नाही ती. तिचं न बोलणं मला सोसवलं नाही.

म्हणून पौषात शहापूरच्या बायकांची हंपीची सहल निघाली तेव्हा मी तिचं नाव घातलं. वर्ष सरायच्या आत विधवेनं हिंडायचं नाही, हे मला ठाऊक होतं. तिलाही ठाऊक होतं. मी फोनवर विचारलं, "येशील का गो?" तर म्हणाली, "हिथं बसून तरी कोनाचं काय करनार हाये? येते." हंपी म्हणजे विजयनगरची जुनी राजधानी. तिथं बस लांब थांबली आणि पायीच फिरायचं ठरलं. गाइड मंजुनाथ म्हणून तिथलाच, हसरा, हिंदी बोलणारा, मधे मधे मराठी पेरणारा. लांबच लांब दगडी खांबांच्या ओळी दाखवून तो म्हणाला की या बाजारात हिरे-माणकं ढिगानं विकायला असत. सगळ्या बायका 'अगं बाई' करत होत्या. वहिनीनं विचारलं, "आनि भाजी कुठं मिळायची?" मंजुनाथ खूश झाला, म्हणाला, मावशी, असं आजवर कुणी विचारलं नाही, मला माहीत नाही. नदीकाठानं जाताना दोन खांबांवर आडवा दगड टाकलेली राजाची तुला, म्हणजे तराजू, दाखवली. सणासुदीला राजा तिथं बसायचा आणि त्याच्या भारंभार सोनं वाटायचे. "रानीला कधी तोलली काय?" वहिनी म्हणाली. आम्ही सगळ्या हसलो. कित्येक महिन्यांनी ती बोलायला लागली होती, आणि एकीकडे भात, एकीकडे केळी आणि मधेच पडकी देवळं असल्या त्या राजधानीत ती तिच्या शेतात चालावी तशी पदर खोचून पुढे चालत होती.

मग ती एकदम थांबली. वाटेच्या कडेला झुडपात एक दगड उभा होता. वर चंद्र-सूर्य कोरलेले, खाली खांबातून बाहेर आलेला हात, पंजा वर, मनगटात बांगड्या. शेंदूर नाही, काही नाही, कोरडा दगड. वहिनी चार पावलं मागे सरकली. "गो बाय, ही आपली हातवाली! हिथं कशी?" मग मला ढकलत म्हणाली, "तू जा. तू सवाशीन हायेस. कुकू लाव, माज्या वाटचं पन लाव. मी हिथूनच पाया पडते." मीही पर्समधली कुंकवाची डबी काढली आणि बोट बुडवून पुढे झाले. मंजुनाथ धावतच आला. "मॅडम, मत लगाओ! ये देवी नहीं है." मग त्यानं सांगितलं. नवऱ्यामागे चितेवर गेलेल्या बाईचा हा दगड. वर केलेला हात तिचा. हातातल्या बांगड्या एवढ्यासाठी कोरल्या की ती सौभाग्यवती म्हणूनच गेली, तिच्या बांगड्या फुटल्या नाहीत. असे दगड या बाजूला जागोजाग आहेत, आणि तुमच्या महाराष्ट्रातही आहेत, असं तो म्हणाला.

बाकीच्या बायका पुढे गेल्या होत्या. वहिनीनं त्याला पुन्हा विचारलं, आणि मला हिंदीत विचारायला लावलं, नीट समजून घेतलं. नवरा आधी मेला ना? हो. मग ही जळली? हो. म्हणून बांगड्या राहिल्या? हो... ती दगडाकडे वळली. मग म्हणाली, "म्हंजे जळली तर बांगड्या ऱ्हातात, नि जगली तर फोडतात. ह्यो कुठला न्याव गो?" मंजुनाथला मराठी कळलं असावं, त्यानं मान खाली घातली, त्याचा काय दोष होता? वहिनी सरळ पुढे गेली. इतका वेळ चार पावलांवरून हात जोडणारी ती बाई, तिनं आपला उघडा तळवा त्या दगडी तळव्याला लावला आणि म्हणाली, "पोरी, तुला कोनी इचारलं पन नसंल."

संध्याकाळी देवळाच्या बाजूच्या टपऱ्यांवर बांगड्या टांगलेल्या होत्या. वहिनी एका टपरीपुढे जाऊन हात पुढे करून उभी राहिली. टपरीवालीनं मनगट दाबून माप पाहिलं आणि हिरव्या बांगड्या भरायला सुरुवात केली. खरं सांगते, मला ते रुचलं नाही. माझा थोरला भाऊ, ज्याच्या कडेवर मी वाढले, त्याला जाऊन वर्ष झालं नव्हतं. वहिनीनं माझ्याकडे पाहिलं नाही. बांगड्या भरताना डोळ्यांत पाणी आलं तिच्या, पण आवाज नेहमीचाच. "औंदाची म्हशाची जत्रा होऊन गेली. आता डब्यात कोन ठेवनार हाये? म्हटलं आपल्या आपन घ्याव्या." मग हात हलवून किणकिण ऐकत म्हणाली, "बघ, हिनं इचारलं पन नाय नवरा हाये का म्हनून." त्या क्षणी मला दादाच आठवला, गोठ्यात हसत बसलेला. माझ्या मनातलं सगळं किल्मिष धुऊन निघालं. ज्यांना मला बोल लावायचा आहे त्यांनी लावावा. मी नेलं तिला हंपीला, आणि उद्या उठून आली तर पुन्हा नेईन.

गावात परतल्यावर काय झालं असेल ते कुणालाही कळेल. आवडीकाकूनं अंगणात उभं राहून शिव्या घातल्या. आपली हातवाली म्हणजे सतीचाच दगड, हे काकूला सांगितलं तर तिनं तेच उलटवलं: "ती जळली म्हनून तिच्या ऱ्हायल्या. तू काय जळलीस?" वहिनी भात पाखडत होती, सूपसुद्धा खाली ठेवलं नाही. म्हणाली, "मेल्यावर जळायला माजी ना नाय. आधी नाय जळनार." पुढच्या वर्षी अवकाळीनं खळ्यातलं भात भिजलं तेव्हा लोक म्हणाले, हातवाली कोपली. तर ही म्हणाली, तिला कोपायचंच असतं तर जाळणाऱ्यांवर कोपली असती, माझं भात कशाला भिजवेल? एकही बाई तिच्या बाजूनं मोठ्यानं बोलली नाही. हळदीकुंकवाला, बारशाला तिला बोलावणं येईनासं झालं. याचं तिला वाईट वाटायचं; मला फोन करून सांगायची. पण बांगड्या उतरवल्या नाहीत. एखादी फुटली तर मुरबाडच्या बाजारातून नवी आणायची. आणि मला बजावून ठेवलेलं, सुनीललाही: "मी मेल्यावर ह्या हातात ऱ्हायला पायजेत. काकूला हात लावू देव नका."

म्हणून मी काकूचं मनगट धरलं. काकू म्हणाली, "सोड. ती इधवा हाये, अशी न्हेतात काय?" मी म्हणाले, "ती पारू हाये. अशीच जानार." अंगणात भावकीतले पुरुष बांबू बांधत होते, ते थांबले. कुणीतरी म्हणालं, पोराला विचारा, अग्नी तो देणार. सुनील दारात उभा होता. माझा भाचा बापासारखा मुखदुर्बळ. तो हो म्हणतो की नाही याची मला खात्री नव्हती. भावकीत राहायचं त्याला होतं, मला नव्हतं. तो आत आला, आईचा हात उचलून आपल्या हातात घेतला आणि म्हणाला, "जिती असताना कोनाच्यानं काढवल्या नाय. आता ती बोलू शकत नाय म्हनून काढता काय?" वरवंटा घेऊन आलेली बाई तशीच मागल्या पावली गेली. वहिनी बांगड्यांसकट गेली. भावकीतले निम्मे लोक स्मशानात आले नाहीत, आणि आमचं काही अडलं नाही.

तेराव्यानंतर मी चार दिवस तिथंच राहिले. सुनीलनं घर रंगवायला काढलं. वहिनीच्या खोलीच्या दाराच्या चौकटीवर, हाताच्या उंचीला, शेंदराचा मोठा डाग आहे. हंपीहून आल्यापासून शेतावरून परत येताना ती रोज हातवालीच्या तळव्याला तळवा लावून यायची आणि मग चपला काढायला चौकटीला हात टेकायची. रोजचा शेंदूर साठून लाकूड तिथं लालभडक झालेलं. सुनील ब्रश घेऊन खालून वर रंगवत येत होता. तेवढ्यात आवडीकाकू काठी टेकत आली आणि कुणाला न विचारता वहिनीच्या खाटेवर बसली. भांडायलाच आली असेल असं वाटून मी पदर खोचला. तिची नजर डागावर गेली. मग तिनं उजव्या हाताचं मनगट माझ्यापुढे धरलं. सुरकुत्यांत एक पांढरा, वाकडा व्रण होता. म्हणाली, "माज्या फोडल्या तवा मी सतरा वर्साची. काच आत ऱ्हायली. कोनाला सांगायचं? हात दुखून रडायची, तर लोकं म्हनायची नवऱ्यासाटी रडत्येय, म्हटलं बरंच झालं." मी खोचलेला पदर सोडला. ती उठली, जाताना तिनं चौकटीला हात टेकला, अगदी त्या डागावरच, आणि सुनीलला म्हणाली, "तेवढं सोड रे. बाकीचं रंगव."