थोरल्या सिस्टरांचा पंखा

आमच्या थोरल्या सिस्टरांइतकं भांडखोर, न्यायी आणि सदा घामाघूम माणूस बेळगावापासून कोगनोळीच्या नाक्यापर्यंत दुसरं झालं नाही, होणारही नाही. निपाणीच्या अलीकडं आमचा लहानसा खाजगी दवाखाना होता. आणीबाणी उठून दोनेक वर्षं झाली असतील. मी नुकतीच नर्स म्हणून लागले होते आणि बायकांच्या वॉर्डात या सिस्टरांचं राज्य होतं. मूळच्या बेळगुंदीच्या, पन्नाशीच्या, एकट्या. दवाखान्याच्या आवारातली एक खोली हेच त्यांचं घर. सगळा वॉर्ड त्यांना आक्का म्हणे.

आक्कांची पाळी जायची वेळ आली होती. आता मी हे एका वाक्यात लिहून मोकळी झाले, पण रोज बाळंतपणं होणाऱ्या त्या दवाखान्यात एवढं साधं वाक्य कुणाच्या तोंडून निघत नव्हतं, याचा मला आजही संताप येतो. निघायची ती थट्टा. आम्ही पोरींनी त्यांच्या दिवसाचे भागच पाडले होते. सकाळी उकाडा, दुपारी जमदग्नी, चहाच्या वेळेला विसर आणि संध्याकाळी रडू. उकाडा चढला की आक्का भर जानेवारीत वॉर्डातला पंखा पाचावर लावत. विसर पडला की केसात खोचलेला पेन अख्ख्या वॉर्डला शोधायला लावत, आणि सापडल्यावर, "माझ्या डोस्क्यात हाय हे सांगाय काय झालतं गं तुमास्नी?" म्हणून वर आम्हालाच झापत. एखाद्या पेशंट बाईच्या घरून डबा आला नाही की यांच्या डोळ्यांना धार लागे. मग त्याच डोळे पुसत खोलीवर जात आणि तिच्यासाठी गरम भात-आमटी घेऊन येत. ती भात-आमटी मात्र आमच्या थट्टेत कधी आली नाही.

एका सकाळी मोठे डॉक्टर राउंडला आले तेव्हा पंखा पाचावर होता. त्यांच्या हातातला केसपेपर उडाला, खिडकीबाहेर गेला आणि शेजारच्या अंगणात वाळत घातलेल्या तंबाखूत जाऊन पडला. डॉक्टर ओरडले, "सिस्टर, पंखा बंद करा! थंडी वाजतेय सगळ्यांना."

"थंडी वाजती तर स्वेटर घाला की. मला कातडं काढून ठेवाय येत न्हाय."

झालं! डॉक्टरांनी दवाखान्याच्या चेअरमनना लिहिलं, सिस्टरांचं डोकं ठिकाणावर नाही, पेशंटांचे हाल होतात, यांना कामावरून कमी करावं. म्हणजे नोकरी गेली आणि खोलीही गेली. शिकलेला डॉक्टर हो! ज्या बाईला साधा पाळी जायचा त्रास होतोय तिला वेडी ठरवताना त्याला जराही लाज वाटली नाही. त्या कागदाला दोन नर्सांच्या सह्या हव्या होत्या. त्यातली एक माझी आहे. मी नवी होते, घाबरले होते. कारणं खरी आहेत, आणि तरीही फालतू आहेत.

आठवड्याभरात चेअरमन स्वतः चौकशीला वॉर्डात आले. आक्कांनी आपल्या हातानं पंखा बंद केला आणि कपाळावरचा घाम पदरानं टिपत भिंतीला टेकून उभ्या राहिल्या. पहिल्या खाटेवर तंबाखूच्या वखारीत राबणारी एक म्हातारी दोन घोंगड्यांत गुरफटून बसली होती.

"आज्जी, पंख्याचा त्रास होतो ना?"

"कसला तरास? आमीच लावाय सांगतो. लई उकडतंय."

हे सांगताना तिचे उरलेसुरले दात वाजत होते. शेजारची म्हणाली, "मलाबी उकडतंय." पलीकडं कानाला फडकं घट्ट बांधलेली चार दिवसांची बाळंतीण होती. वाऱ्याच्या झुळकेला भिणारी ती पोर बाळाला छातीशी घेऊन म्हणाली, "मलाबी." बारा खाटा, बारा बायका, बाराही जणींना उकडत होतं. शेवटी म्हातारी चेअरमनना म्हणाली, "आण्णा, घरात बायका हाईत न्हवं? त्यास्नी जाऊन इचारा, कवा उकडतंय ते. आक्का, लाव गं पंखा."

पंखा लागला. चेअरमन चहासुद्धा न घेता गेले आणि तो कागद पुन्हा कुणी पाहिला नाही. माझी सही आक्कांना कळली होती. रिटायर होऊन बेळगुंदीला निघाल्या त्या दिवशी फक्त माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाल्या, "तुझी येळ यील तवा लाजू नगो. लाव पंखा."

माझीही वेळ आली. तेव्हा मी बेळगावात मोठ्या दवाखान्यात वॉर्डची मुख्य होते. ब्लाउज घामानं चिकटायचा, हातातल्या फायलीनं मी हळूच वारा घ्यायची, आणि माझ्यामागं नव्या पोरी एकमेकींना कोपरानं ढोसत हसायच्या. बटण हाताशी होतं. पण आक्का, मी पंखा लावला नाही. घाबरून सही करणाऱ्या पोरी कशा असतात हे मला चांगलं ठाऊक होतं, आणि माझ्या वॉर्डातल्या बायका माझ्यासाठी कुडकुडतील एवढी भात-आमटी मी कधी कुणाला वाढलीच नव्हती.