बिनदाराच्या घरातला सिनेमा

पुण्याहून निघताना मी सगळे आठवणीने घेतले होते: हाताने फिरवायचे सिनेमायंत्र, त्याच्या दिव्यासाठी मोटारीची बॅटरी आणि तीन मिनिटांची फिल्म. विसरलो एवढेच, की सिनेमाला अंधार लागतो आणि शनीच्या शिंगणापुरात घरांना दारेच नसतात.

फिल्म मीच दोन वर्षांपूर्वी तिथे काढली होती. तीत भिवा नावाचा तरणा शेतकरी मोट हाकतो. गेल्या साली तो तापाने गेला. घरात त्याचा एकही फोटो नव्हता. म्हणून त्याच्या वडिलांनी, आबांनी, मास्तरांकडून मला पत्र लिहवून घेतले होते: ‘सूनबाईला एकदा त्याचे तोंड दाखवा.’

घोडेगावला मोटारीतून उतरून बैलगाडी केली. बॅटरी मांडीवर घेऊन बसलो. पहिल्याच गचक्याला तिच्यातले तेजाबी पाणी सांडले आणि माझ्या विजारीची चाळण झाली.

आबांच्या घरी भाकरी-ठेचा खाऊन मी यंत्राच्या पेटीला कुलूप लावले.

“कुलूप? आमच्या गावात?” आबा दुखावले. मी ते काढले.

संध्याकाळची परतीची मोटार गाठायची होती, म्हणून भरदुपारीच दाराच्या जागी घोंगडे टांगले. खोली माणसांनी गच्च भरली. भिंतीवर, मोटेचे पाणी पडते त्या थारोळ्यापाशी, भिवा दिसला आणि सगळे ओरडले, “आरं, ह्यो तर ढवळ्या!” गावाने आधी बैल ओळखला.

मी सुनेकडे, सखूकडे पाहिले. पदर हनुवटीपर्यंत ओढून ती जमिनीकडे बघत होती. फिल्म संपली.

“दिसला का गं?” आबांनी विचारले.

शेजारीण फणकारली, “सासऱ्याम्होरं नवऱ्याकडं कशी बघंल वो ती?”

बॅटरी फार तर आणखी एकदा चालणार होती. तसे मी सांगितले.

“मलाबी न्हाई दिसला, सायेब. डोळं भरल्यालं हुतं,” असे म्हणत आबा उठले. सगळ्यांना त्यांनी बाहेर काढले. आत सखू, शेजारीण आणि मी. आबा बाहेर पाठमोरे उभे राहिले आणि घोंगड्याच्या कडा दोन्ही हातांनी चौकटीशी दाबून धरल्या.

मी यंत्र होईल तितके हळू फिरवू लागलो. सखूने पदर मागे सारला.

“सूनबाई,” बाहेरून आवाज आला, “काय करतोय गं त्यो?”

शेजारीण सांगायला गेली, पण सखूच बोलली. “मामंजी, त्ये ढवळ्याला दटावत्यात.” मग थोड्या वेळाने, “आता हसत्यात.”

“लई हसतोय?”

“व्हय, मामंजी. लई.”

दिवा विझला. तरी घोंगडे बराच वेळ हलले नाही.

परतीच्या गाडीत मला रडू आले. गाडीवानाला वाटले, विजारीपायी. पुढे ती फिल्म मी पुष्कळांना दाखवली, पण आबांइतकी नीट ती कोणीच पाहिली नाही.