पिठाच्या जहाजावर तोफा

परदेशातल्या आमच्या ट्रॉय शहराहून तासाभरावर, एका मोठ्या सरोवराच्या काठी, एक छोटं म्युझियम आहे. निवृत्त झाल्यापासून दर शनिवारी मी तिथं फुकट गाईडगिरी करतो. तिथं दोन डोलकाठ्यांच्या एका जुन्या जहाजाचं मॉडेल आहे. असल्या जहाजाला स्कूनर म्हणतात. हे बिचारं व्यापारी जहाज होतं, पीठ-मीठ वाहून सुखात होतं. मग, दोनशे वर्षांपूर्वी, इंग्रजांशी लढाई लागली. इथल्या आरमाराला सरोवरात युद्धनौका हव्या होत्या आणि बांधायला वेळ नव्हता. म्हणून त्यांनी हे जहाज विकत घेतलं, कठडे उंच केले आणि डेकवर तोफा चढवल्या. पोटात पोती होती तोवर वजन खाली होतं, ते आता डोक्यावर आलं. खलाशांना हे पहिल्याच दिवशी कळलं. जहाज आपल्या मुळावर येणार असं ते उघड म्हणत, पण साहेबांना कोण सांगणार? एका वादळात ते आडवं झालं, तोफा सुटून माणसांवर घरंगळल्या आणि बहुतेक जण बुडाले.

हे सांगताना मला चेव चढतो. गाड्या कशा उलटतात हे तपासण्यात माझी सगळी नोकरी गेली, त्यामुळे मूर्खपणाचं वजन मला नुसत्या नजरेनं कळतं. मॉडेल हातात घेऊन मी ते हळूहळू कलतं करतो आणि पोरांचे चेहरे बघतो.

मागच्या वर्षी इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात या जहाजावर बोलायला मला वीस मिनिटं दिली होती. आठव्या मिनिटाला अध्यक्ष दुसरा माइक घेऊन स्टेजवर आला. पुण्याचा, आयटीतला, माझ्या मुलाच्या वयाचा. "काका, सुपर्ब! पण यार, जेवण थंड होतंय," म्हणाला. लोक हसले आणि टाळ्या वाजवत थेट ताटांकडे धावले. तोफा चढवायच्या राहिल्याच होत्या. माझ्या अंगाचा तिळपापड झाला, आणि घरी गेल्यावरही राग शमला नाही.

या अध्यक्षाचं घर एका तळ्याकाठी आहे. दारात त्याची स्वतःची बोट, दोन लांब पोकळ नळ्यांवर ठेवलेल्या ओट्यासारखी सपाट. दरवर्षी आम्ही बादलीत विसर्जन करायचो. या वेळी त्यानं जाहीर केलं, बाप्पा तळ्यात जाणार. मूर्ती माझ्या बायकोनं केली होती, शाडूची. तीन आठवडे तिचे हात त्या मातीत होते. तिला पोहता येत नाही, पण बोटीत मूर्ती हातात घेऊन तीच बसणार हे तिनं ठरवून टाकलं होतं.

आम्ही अकरा जण चढलो. लाइफ जॅकेटं होती. ती पैठण्यांवर आणि सिल्कच्या कुर्त्यांवर कशी दिसणार, म्हणून फोटोआधी सगळ्यांनी काढून बाकाखाली सारली. बायकोनंही काढलं. ते मी पाहिलं.

तळ्याच्या मध्यावर, बोट चालू असतानाच, आरती सुरू झाली. बोटीचं फाटक पुढच्या टोकाला, म्हणून मूर्ती पुढे. आणि आरती म्हटल्यावर आपली माणसं काय मागे बसतात? टाळ, तबक, फोन घेऊन सगळे पुढे दाटले. मागे मोटरपाशी मी एकटा आणि सुकाणूवर अध्यक्ष. बोटीचं नाक खाली गेलं. पाणी काठापासून चार बोटांवर आलं, मग दोन. "चौघं मागे या," एवढंच म्हणायचं होतं. माझ्या तोंडाशी आलं होतं. पण मी म्हटलं, होऊ दे. याला कळू दे एकदा, सगळ्यांसमोर. पाय भिजतील, पैठण्या भिजतील, आणि मग हा माझ्याकडे बघेल. मला आतून गुदगुल्या होत होत्या.

"आता सोडा!" कुणीतरी ओरडलं. अध्यक्षानं वेग एकदम कमी केला. बोट नाकावर आपटली, पाण्याची लाट आत आली आणि उघड्या फाटकातून बायको मूर्तीसकट गेली.

तिच्यामागे उडी अध्यक्षानं मारली. त्यानं तिला वर ढकललं, इतरांनी ओढलं. ती खोकत होती, मनगट वेडंवाकडं झालं होतं. आणि मी काय केलं? उभा राहून मी त्याच्यावर ओरडलो, वजन कुठं असावं याचं सगळं ज्ञान त्याच्या तोंडावर फेकलं. तो ओल्या कपड्यांत "सॉरी काका, सॉरी काका" म्हणत रडला. ते ऐकायला मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

हॉस्पिटलमध्ये हाताला प्लॅस्टर घालून घेतलं. परतताना गाडीत ती म्हणाली, "बोट खाली जायला लागली तेव्हा मी वळून तुमच्याकडे बघितलं होतं."

मी म्हटलं, "हो?"

"तुम्ही हसत होतात. मला वाटलं, यांना यातलं सगळं कळतं, हे हसतायत म्हणजे भीती नाही. म्हणून मी जागची हलले नाही."

हीटर वाढवू का, मी विचारलं. ती नको म्हणाली.