पांढऱ्या धोप्याची जागा

पत्रक लिहायला मला वेळ लागत नाही. नुकसान कोणाचं, केलं कोणी, आपली मागणी काय, एवढं ठरलं की कागद भरतो. हे लिहिताना मात्र "केलं कोणी" इथंच हात अडतो.

आमचं गाव दिघोरीकडचं. बाबा तलावाखालच्या बांधीत, बांध घातलेल्या शेतात, धान करतात. आई तालुक्याच्या गावी एका साहेबांच्या बंगल्यावर कामाला जायची. साहेबांची बदली झाली, ट्रकमध्ये जागा उरली नाही, तेव्हा तिथल्या कुंड्या आईनं मागून आणल्या. कॅलेडियमच्या. पान आपण वडी करतो त्या धोप्यासारखंच, म्हणजे अळूसारखंच, पण दुधासारखं पांढरं, शिरा तेवढ्या हिरव्या. गावानं त्याला पांढरा धोपा म्हणून टाकलं. खायचा मात्र नाही, घसा सुजतो, हे आई शेजारणींना पुन्हा पुन्हा बजावायची.

खायला नाही, विकायला नाही, असं आमच्या घरात आलेलं हे पहिलंच झाड. आईनं त्याला सपरीत, दारासमोरच्या पडवीत, सावलीला ठेवलं. ऊन सरकलं की कुंडी सरकवायची. पांढऱ्या पानाला उन्हाचा चटका बसला की ते कागदासारखं करपतं. पावसाचे टपोरे थेंब पडायला लागले की हातातलं काम टाकून कुंड्या आत ओढायची. हिवाळ्यात पानं गळाली तेव्हा त्याचे मातीतले कांदे कोरड्या रेतीत घालून मडक्यात जपले. बाबांनी विचारलं, "एवढं कायले करतेस?" तर म्हणाली, "सपरीत उजेड पडल्यावानी वाटते."

आमच्या गटाची बैठक याच सपरीत भरते. युरिया शेतातून वाहून तलावात उतरतो, पाणी हिरवं होतं, मासे मरतात, हा आमचा विषय. माझं पत्रक वाचून गावात युरिया सोडणारे पहिले बाबा. घरात पोतंच ठेवलं नाही. आमची बांधी फिकी पडली. पानठेल्यावर लोक म्हणायचे, "पोरगी पुढारी झाली अन् धान उपाशी मरून राहिलं." बाबा हसायचे, "राहू दे ना. सवय होईल त्याले."

तर त्या दिवशी बैठकीत एक कार्यकर्ता कुंड्यांकडे बघून म्हणाला, "काय ताई, भाषण तलावाचं अन् बाग साहेबाची?" सगळे हसले. मीही हसले. माणसं गेल्यावर मी आईवर घसरले.

"हे मागं ने. चार लोक येतात. रोगट दिसते ते. मले लाज वाटते."

आई "बरं" म्हणाली. कुंड्या घरामागच्या सांदवाडीत, न्हाणीच्या आडोशाला गेल्या. मी हे बोलले तेव्हा बाबा आतच जेवत होते.

नंतर मी पत्रकं घेऊन आंबागडकडे गेले. तीन-चार आठवड्यांनी परत आले तर कुंड्या पुन्हा सपरीत. पानं जाड, मोठी. आणि हिरवी. पांढरं शोधावं लागत होतं.

बाबा वाट बघत बसले होते. "पाह्य, बरं केलं त्याले."

"काय टाकलं, बाबा?"

"थोडासा युरिया. शेजारच्याकडून मागून आणला, आपल्या घरी कुठी आहे आता? तूच म्हणे ना रोगट आहे म्हणून. धान फिकं पडलं की मारतच होतो ना आपण. आता राहू दे समोर. कोणी हासणार नाही तुले."

फिक्या बांधीपायी जो माणूस पानठेल्यावर टोमणे खात होता, तो माझी लाज झाकायला शेजाऱ्याच्या दारात युरिया मागायला गेला. शेजाऱ्यानं काय काय ऐकवलं असेल ते मी विचारलं नाही. माझ्या पिशवीत पत्रकं होती. ती तेव्हा कुठं ठेवावीत ते मला कळेना.

आईनं एक पान उलटं करून पाहिलं. "चांगलं वाढलं," ती बाबांना म्हणाली. चुलीपाशी मला हळूच म्हणाली, "त्याईले काही म्हणू नको."

आम्ही दोघींनी कांदे उपसले, धुतले, नव्या मातीत लावले. हिरवी पानं बुडापासून काढली. पुन्हा पांढरं येईल की नाही, हे तिलाही माहीत नव्हतं, मलाही. कुंड्या मी स्वतः सपरीत, अगदी बैठकीच्या सतरंजीलगत मांडल्या.

बऱ्याच दिवसांनी एक गुंडाळलेलं पान वर आलं. आई शेजारणीला हाक मारायला धावली. बाबा कुंडीसमोर उकिडवे बसले, डोळे बारीक करून बघू लागले.

"पांढरंच येऊन राहिलं वाटते." मग माझ्याकडे न बघता, "चालते ना तुले?"

"चालते, बाबा."

"मंग बरं. आपल्या फिक्या बांधीले जोडीदार भेटला." आणि ते मोठ्यानं हसले.

मला हसता आलं नाही. ऊन कुंडीच्या काठापर्यंत आलं होतं. मी ती आत सरकवली.