सीलबंद मटण

मी आवक-जावकला आहे. म्हणजे ऑफिसात येणाऱ्या आणि जाणाऱ्या प्रत्येक कागदावर नंबर टाकायचा, हे माझं काम. बावीस वर्षं तेच करतेय. कागद येतात, जातात, निकाली निघतात, शेवटी रद्दीत जातात. किस्से मात्र एकदा आले की मुक्काम ठोकतात! बदल्यांचे आहेत, भांडणांचे आहेत, आलेल्या-गेलेल्या साहेबांचे तर विचारू नका. पण घरी चार माणसं जमली की मला एकच फर्माईश होते, ते मटणाचं सांग.

सांगते. पण मधे कुणी बोलायचं नाही, माझं डोकं फिरतं.

*

आमच्या हेडक्लार्क देशपांडे मॅडम. नियमाबाहेर शिंकणारसुद्धा नाहीत. चातुर्मासात कांदा-लसूण बंद आणि बाकीच्या महिन्यांत लसूण बंदच. दुसरा नियम म्हणजे खोटं बोलायचं नाही. उशिरा आलेल्याला हजेरीत वेळेवर आलेला दाखवा म्हणून तुम्ही त्यांच्या पाया पडा, त्या पाय मागे घेतील आणि लाल पेनने वेळ लिहितील.

त्यांचा मुलगा अमेरिकेत. त्याने आईला एक विजेचं भांडं पाठवलं, दहा लिटरचं. स्लो कुकर. आपल्या कुकरच्या अगदी उलट, शिट्टी नाही, घाई नाही, पाच-आठ तास मंद शिजत बसायचं. खोक्यावर पावात भरलेल्या लुसलुशीत कशाचा तरी मोठा फोटो होता. शेजारच्या पोरीने वाचून दाखवलं, 'बीफ सँडविच, मोठ्या पार्टीसाठी.'

मॅडमनी खोकं उंबऱ्याच्या आत घेतलंच नाही! चार महिने ते गॅलरीत होतं, वर पोतं टाकून. मुलगा फोनवर विचारायचा, आई, भांडं कसं आहे? मॅडम म्हणायच्या, "आहे, सुखरूप आहे."

शेवटी एक दिवस रिक्षात घालून त्यांनी ते ऑफिसात आणलं आणि आमच्या शोभाक्काला देऊन टाकलं. शोभाक्का म्हणजे जिन्याखाली चहाचा स्टोव्ह चालवणारी. गावाच्या पूर्व भागातली, विणकर वस्तीतली, घरी तेलुगू. नवऱ्याचा टॉवेलचा माग बंद पडल्यापासून घर तिच्या चहावर चाललंय. चहा फक्कड, पण तिचा खरा हात मटणावर. ते आम्हाला ठाऊक होतं, कारण तिच्या डब्यावर आमचा डोळा असायचा.

खोक्यातला इंग्रजी कागद वाचला अकाउंटच्या बागवानभाईंनी. मसाला लावायचा, झाकण लावायचं, शिजलं की हाडं काढून मटणाचे धागे करायचे, पावात भरायचे. मी विचारलं, पण त्या बीफचं काय करायचं?

भाई म्हणाले, "जनावर बदलो बाई, बाकी सब सेम."

*

भांडं चालू करून बघायचं ठरलं. शोभाक्काने रेकॉर्ड रूममध्ये त्यात नुसतं पाणी घातलं आणि बटण दाबलं. फाट् असा आवाज आला आणि अख्खा मजला बंद! पंखे, कॉम्प्युटर, साहेबांचा एसी, सगळं. साहेब बाहेर येऊन लाईटवाल्यांना फोनवर झापायला लागले. ते बिचारे सांगत होते की आमच्याकडून लाईन चालू आहे. आम्ही सगळे फायलीत तोंड घालून बसलो.

अमेरिकेचा करंट आपल्यापेक्षा निम्मा असतो, हे आम्हाला सात रस्ता चौकातल्या मेकॅनिकने शिकवलं. भांड्याची आतली वायरिंग बदलून त्याने सोबत एक ट्रान्सफॉर्मर दिला. तो भांड्याहून जड होता. आमचे ड्रायव्हर वाघमोडे मामा तो खांद्यावर टाकून दोन मजले चढले आणि धापा टाकत म्हणाले, "यापरीस जित्तं बकरं हलकं असतंय की."

*

आता मुद्द्याचं. तेव्हाचे साहेब नवीन होते आणि त्यांना जिन्याखालचा स्टोव्ह खुपत होता. एक दिवस माझ्या टेबलावर कागद आला, कॅन्टीन बाहेरच्या कॉन्ट्रॅक्टरला देण्याबाबत. मी नंबर टाकला. काय करणार, आलेल्या कागदावर नंबर टाकावाच लागतो. शोभाक्का समोर चहा ठेवत होती. तिला वाचता येतं.

ती थेट केबिनमध्ये घुसली. केबिनच्या जाळीतून मला सगळं ऐकू येत होतं. ती म्हणाली की मी नुसता चहाच करते असं नाही, जेवणही करू शकते, एक संधी द्या. साहेबांनी विचार केला. वाघमोडे मामा त्या महिन्यात रिटायर होणार होते. त्यांच्या निरोपाचं जेवण तू कर, साहेब म्हणाले. चाळीस माणसं, एक वाजता पानं वाढलेली हवीत. जमलं तर कॅन्टीन तुझं, नाहीतर त्या कागदावर मी सही करतो.

मामांना विचारलं काय खाणार. मामा सांगोल्याकडचे, घरी शेरडं-मेंढरं. असल्या माणसाला विचारायची गरजच नव्हती.

*

तारीख ठरवणं म्हणजे नुसता वैताग! कॅलेंडर घेऊन मी टेबलोटेबली फिरले. सोमवारी निम्म्या ऑफिसचा शंकर. मंगळवारी गणपती आणि देवी. गुरुवारी दत्त आणि साईबाबा. शनिवारी मारुती आणि सुट्टीही. शुक्रवार धरला तर एक वाजता बागवानभाई नमाजला. मग राहिला बुधवार. महिन्यात चार बुधवार, त्यातल्या एकाला एकादशी, एकाला संकष्टी, आणि एकाला साहेबांची मीटिंग.

जो उरला तो मी लाल पेनने गोल केला आणि सांगून टाकलं, आता कुणाला नवीन देव आठवला तर त्याने घरी जेवावं.

*

आधीच्या आठवड्यात दोन किलोची ट्रायल घेतली. मटण मामांनी स्वतः उभं राहून तोडून आणलं, हाडासकट, कारण बिनहाडाचं मटण त्यांच्या मते पेशंटला देतात. शोभाक्काने काळं तिखट, आलं-लसूण, कोथिंबीर चोळली, आठ वाजता भांडं लावलं. एकला तयार व्हायला हवं होतं.

एकला झाकण काढलं तर मटण दाताला लागेना! रबर.

चौकशी झाली. कागदावर ठळक अक्षरात लिहिलं होतं की झाकण एकदा उघडलं की आतली वाफ जाते आणि शिजायला अर्धा तास जास्त लागतो. आमच्यात मात्र चुलीवर काही असलं की डोकावून बघायचं, हा जन्मसिद्ध हक्क. रेकॉर्ड रूममध्ये त्या दिवशी अशी माणसं फाईल शोधायला आली, जी गेल्या दहा वर्षांत तिकडे फिरकली नव्हती. मामा एकटेच सात वेळा. मी तीनदा, खोटं कशाला बोलू. आणि प्रत्येकाने नुसतं बघितलं नाही, बोट बुडवून चाखलं आणि मिठाची चिमूट टाकली, कारण प्रत्येकाला वाटलं शोभाक्का मीठ विसरली.

बागवानभाईंनी उघडलेल्या झाकणांचा हिशोब लावला. "इस हिसाबसे मटन परसों शिजता," ते म्हणाले. "और खारा इत्ता के समिंदर."

साहेबांनी तो घास कागदात थुंकला. कागद चुरगळून टोपलीत टाकला आणि केबिनमध्ये निघून गेले. शोभाक्का मात्र जिन्याखाली जाऊन पदराने तोंड झाकून रडली. मला फार वाईट वाटलं, कारण त्यातली एक चिमूट माझी होती.

*

बुधवार उजाडला. सकाळी साडेसातला मी पोचले तर देशपांडे मॅडम आधीच हजर. हातात सुतळी, लाख, मेणबत्ती आणि शिक्का. मॅडमनी आयुष्यात इतक्या निवडणुका केल्यात की मतपेटी बांधायला सांगितली तर झोपेत बांधतील.

शोभाक्काने सहा किलो मटण भरलं, मीठ टाकलं, झाकण लावलं. मॅडमनी भांड्याच्या दोन्ही कानांतून सुतळी ओवली, झाकणावर गाठ मारली, गाठीवर लाख ओतली आणि शिक्का उठवला. वर कागदाची पट्टी. पट्टीवर सह्या, एक त्यांची, एक शोभाक्काची. मग रेकॉर्ड रूमच्या दारावर नोटीस लावली: 'सील तोडणाऱ्यावर शिस्तभंगाची कारवाई करण्यात येईल.'

मामा साडेनऊला दबकत आले, सील बघितलं आणि खिन्न झाले. "माज्याच जेवणाचं मला दर्शन न्हाय व्हय?" त्यांनी विचारलं.

मॅडमनी सील लावल्यापासूनच दारात खुर्ची टाकली होती, तिथेच बसून टपाल तपासलं. पाच तास त्या उठल्या नाहीत. मी चहा नेऊन दिला. नाकाला रुमाल लावला असेल असं मला वाटलं होतं, पण नव्हता लावलेला.

*

एक वाजायला दहा मिनिटं होती. हॉलमध्ये चाळीस माणसं पत्रावळ्या पुढे घेऊन बसलेली. पाव कापून, आत शेंगाची चटणी लावून तयार. मधे मामा, गळ्यात हार. साहेब घड्याळाकडे बघत उभे.

भांडं हॉलमध्ये आणून मॅडमनी सगळ्यांसमोर सील तपासलं, शाबूत असल्याचं मोठ्याने सांगितलं आणि तोडलं. झाकण उघडलं. तो वास मी आजही विसरलेले नाही. मटण इतकं शिजलं होतं की चमचा लावला आणि हाडं आपोआप सुटी झाली. शोभाक्काने हाडं आणि नळ्या वेगळ्या काढल्या, मटणाचे धागे केले, एक धागा जिभेवर ठेवला आणि थांबली.

परत एक ठेवला. मला कोपऱ्यात ओढून म्हणाली, "कदमबाई, कालपासनं टेन्शननं माज्या तोंडाला चवच न्हाय. मीठ कळंना."

मी म्हटलं मी बघते. ती मानेनेच नाही म्हणाली. बागवानभाई पुढे झाले, त्यांनाही नको म्हणाली. मागच्या वेळी सगळ्यांनीच बघितलं होतं ना! चाळीस माणसं आणि चाळीस जिभा. साहेबांनी खिशाचं पेन चाचपलं. पाच मिनिटं उरली होती.

आणि शोभाक्का वाटी घेऊन सरळ देशपांडे मॅडमसमोर जाऊन उभी राहिली.

"मॅडम, तुमीच बघा," ती म्हणाली. "हितं खोटं न बोलणारं तुमच्याशिवाय कोन न्हाय."

मामा हारासकट अर्धवट उठले. मला वाटलं, आता मॅडम हिला असं काही बोलतील की कॅन्टीनही गेलं आणि चहाही गेला. मी मनातल्या मनात तिच्यावर चिडलेसुद्धा, की बाई, विचारायचं तरी कुणाला!

मॅडमनी चष्मा काढून पर्समध्ये ठेवला. वाटी घेतली. घास तोंडात घातला, डोळे मिटले आणि सावकाश चावला. घाई अजिबात नाही.

"मीठ बरोबर आहे," त्या म्हणाल्या. "वाढ."

एकच्या ठोक्याला साहेबांच्या पानात पाव पडला. त्यांनी तीन खाल्ले, चौथा मागितला. मामा तर रडत रडतच खात होते, निरोपाने की तिखटाने ते कळायला मार्ग नव्हता. अडीच वाजता साहेबांनी मला बोलावून कॉन्ट्रॅक्टरचा कागद दफ्तरी दाखल करायला सांगितला आणि शोभाक्काच्या नावाची ऑर्डर काढली. त्या ऑर्डरवर जावक नंबर टाकताना मी पेन बदललं, चांगलं शाईचं घेतलं.

चारच्या सुमाराला सगळे पांगले. शोभाक्का हात धुऊन, डोक्यावर पदर घेऊन मॅडमच्या टेबलापाशी आली. मी शेजारीच होते. माझ्या पोटासाठी तुम्हाला नको ते करायला लावलं, मला माफ करा, असं काहीतरी ती पुटपुटली आणि वाकून पायाला हात लावायला गेली.

मॅडमनी तिला मधेच धरलं. इकडेतिकडे बघितलं. आवाज खाली आणला.

"ते राहू दे, शोभा. आधी सांग, नळ्या कुणी नेल्या?"