वहीतली पळणारी बाई

सत्तरच्या दशकात मिरजेहून कोरेगावला जाणाऱ्या पॅसेंजरमध्ये सुट्टीवर निघालेला एक फौजी माझ्यासमोर बसला होता. त्याच्या छोट्या वहीत पानापानाच्या कोपऱ्यात एक बाई काढलेली होती. त्यानं अंगठ्यानं पानं फर्रकन सोडली. पहिल्या पानावर टाचा उचलून उभी असलेली ती बाई पळत सुटली, पदर उडाला आणि शेवटच्या पानावर तिनं चालत्या गाडीत उडी मारली!

डबा नुसता खुळावला. वही हातोहात फिरली. एका आजीनं पानं उलटी सोडली, तसा तो ओरडला, "आवं आजी, उलटं नगा, खाली पडंल की ती!"

"बायको ना? तुम्ही निघालात तेव्हा खरंच पळाली होती?" मी विचारलं.

तो लाजला. "न्हाई ओ. माझा बा हुता की शेजारी, कशी पळंल? पयलं पान तेवढं खरं हाय. बाकी म्या पळवली, सीमेवर बसून."

कोरेगावच्या फलाटावर ती सासऱ्याशेजारी उभी होती, डोईवर पदर घेऊन. सगळा डबा खिडक्यांतून ओरडला, "पळा की वैनी!" शिस्तीचा मास्तर म्हणवणारा मी सगळ्यात मोठ्यानं.

ती जागची हलली नाही.

टाचा मात्र उचलल्या.